‘नाही’च्या सहा फ्रेम आधी: मराठी चित्रपटाचं संकलन, कार्डापासून लॉकपर्यंत

संकलक व्हायला आलेल्या मुलाला पहिले काही महिने कुणी कट मारू देत नाही. त्याच्या वाट्याला येतं कॅमेऱ्याचं मेमरी कार्ड उतरवणं, साउंड सिंक करणं (आवाज चित्राशी जुळवणं), बिनला म्हणजे क्लिपच्या फोल्डरांना नावं देणं आणि दिग्दर्शक आल्यावर चहा सांगणं. यातलं शेवटचं सोडलं तर बाकी सगळं संकलनच आहे. तिथे राहिलेली चूक चार महिन्यांनी, डीआयच्या (रंग आणि अंतिम चित्र पक्कं करण्याच्या) टेबलावर, तासाचं भाडं चालू असताना वर येते. म्हणून सुरुवात तिथूनच.

आत शिरायचे रस्ते

पुण्यात एफटीआयआय, म्हणजे फिल्म अँड टेलिव्हिजन इन्स्टिट्यूट, आहे. १९६० साली प्रभात स्टुडिओच्या जुन्या जागेत सुरू झाली. तिथे संकलनाचा तीन वर्षांचा अभ्यासक्रम आहे, पदवीनंतरचा. कोलकात्यात १९९५पासून सत्यजित रे यांच्या नावाची संस्था आहे. दोन्हींकडे प्रवेश परीक्षा आणि मुलाखत. तीन वर्षांत जे मिळतं त्यात सॉफ्टवेअर सर्वांत कमी मोलाचं. खरा फायदा म्हणजे चुका करायला मिळालेला वेळ आणि आयुष्यभर फोन उचलणारे दहा-बारा वर्गमित्र, कॅमेऱ्याचे, साउंडचे, दिग्दर्शनाचे.

दुसरा रस्ता थेट अंधेरी-गोरेगावच्या एडिट रूममध्ये जातो. संकलक वामन भोसले गोव्यातल्या पोंबुर्प्याहून मुंबईला आले, बॉम्बे टॉकीजमध्ये डी. एन. पै यांच्या हाताखाली शिकले, पुढे बरीच वर्षं सहायक राहिले आणि मग स्वतंत्र काम करू लागले. ‘इन्कार’साठी त्यांना राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. रेणू सलुजा एफटीआयआयमधून शिकून आल्या आणि चार राष्ट्रीय पुरस्कारांपर्यंत पोचल्या. रस्ता कोणता घेतला यावरून कोण वरचढ ठरेल हे सांगता येत नाही.

मालिकांचं काम कमी लेखू नका. रोजच्या मालिकेत बावीस मिनिटांच्या आसपासचा भाग रोज बाहेर काढावा लागतो, त्यातून हात कमालीचा चालतो. तोटाही त्याच हाताला होतो: प्रत्येक वाक्यावर बोलणाऱ्याचा चेहरा, मग तीन रिअ‍ॅक्शन, मग धडाम. वर्ष-दीड वर्षाने ही सवय मोडायला वेळ लागतो. तेव्हा मालिका करा, पण शेजारी वर्षातून दोन लघुपट विनामोबदला का होईना, कापत राहा. कुणाच्या हाताखाली जाताना शोरील (आपल्या कामाचे निवडक तुकडे) पाठवायचा मोह आवरा. मुख्य संकलकाला सहायकाचा शोरील नको असतो. त्याला हवं असतं की हा मुलगा रात्री दोन वाजता कार्ड नीट उतरवेल का.

कार्ड आणि प्रॉक्सी

सेटवरून आलेलं कार्ड दोन वेगळ्या डिस्कवर उतरतं आणि तिसरी प्रत दुसऱ्या इमारतीत राहते. मोठं बजेट असेल तर एलटीओ या डेटा साठवायच्या टेपवर. माउसने ओढून कॉपी करू नका. चेकसम तपासणारं सॉफ्टवेअर वापरा, म्हणजे मूळ फाइल आणि प्रत बिट न् बिट सारखी आहे का ते कळतं. ओढून केलेल्या कॉपीत क्लिप दिसते, उघडतेही, फक्त शेवटचे चाळीस सेकंद नसतात. आणि नटाचा चांगला टेक हटकून त्याच चाळीस सेकंदांत असतो. दोन्ही प्रती तपासून अहवाल हातात आल्याशिवाय कार्ड फॉरमॅटला द्यायचं नाही. निर्मितीवाला दारात उभा राहून घाई करत असेल तरी नाही.

मूळ मटेरियलवर कापत बसायची गरज नसते. सेकंदाला ३६ मेगाबिटची एचडी प्रॉक्सी (मूळ फाइलची हलकी प्रत) पुरते. तासाला साधारण १६ जीबी. तीस दिवसांचं शूट, रोज दोन तास रशेस (शूट झालेलं कच्चं चित्रण), म्हणजे साठ तास. प्रॉक्सी एक टीबीच्या आतबाहेर. दोन टीबीच्या दोन डिस्क घ्या, एक कामाची, एक तिची तंतोतंत प्रत. तेच प्रोरेस ४२२ एचक्यू या जड फॉरमॅटमध्ये ठेवलं तर तासाला ७९ जीबी लागतात आणि मशीन रडायला लागतं.

प्रॉक्सी काढताना तीन गोष्टी जशाच्या तशा राहिल्या पाहिजेत: टाइमकोड (प्रत्येक फ्रेमचा घड्याळी पत्ता), रीलचं म्हणजे कार्डाचं नाव आणि फ्रेम रेट. ए कॅमेऱ्याची रीलं ए००१पासून, बी कॅमेऱ्याची बी००१पासून. दोन्ही कॅमेऱ्यांनी एकच नाव वापरलं असेल तर डीआयमध्ये सीन बावीसच्या जागी सीन एक्याऐंशी येऊन बसतो. ते पाहून सगळे हसतात, पण दिवस वाया जातो.

फ्रेम रेट शूटच्या आधी कॅमेरा आणि साउंड या दोघांकडून लिहून घ्या. थिएटरसाठी सेकंदाला २४ फ्रेम. काही कॅमेरे मेन्यूत २४ दाखवून प्रत्यक्षात २३.९७६ धरतात. फरक हजारात एक, पण मिनिटाला जवळजवळ दीड फ्रेम सरकतात आणि तासाला ३.६ सेकंद. टीव्हीच्या सवयीने कुणी २५वर शूट केलं तर आणखी वेगळा घोळ: २४ची दोन तासांची फिल्म २५ने पळवली की ११५ मिनिटं १२ सेकंदांत संपते, आणि आवाज किंचित पातळ होतो. उलट केलं तर जड होतो.

सिंक

साउंड रेकॉर्डिस्टकडून ४८ किलोहर्ट्झ, २४ बिटच्या वेव्ह फाइली येतात. टाइमकोड जुळत असेल तर सॉफ्टवेअर आपोआप सिंक करतं, तरी प्रत्येक टेक क्लॅपवर (टेकच्या सुरुवातीला वाजवलेल्या पाटीवर) तपासायचा. पाटीच्या दोन फळ्या पहिल्यांदा चिकटलेल्या दिसतात ती फ्रेम, आणि आवाजाच्या लाटेचा पहिला उभा कडा. हे दोन्ही एकावर एक हवेत, पुढची किंवा मागची फ्रेम चालत नाही. मग टेकच्या शेवटी जाऊन ओठ बघा. सुरुवातीला आणि शेवटी सारखाच फरक असेल तर फक्त सरकवायचं आहे. सुरुवातीला बरोबर आणि शेवटी चूक असेल तर ड्रिफ्ट आहे. हाताने ओढाताण न करता रेकॉर्डिस्टला फोन करा, सेटिंगमध्ये गडबड आहे.

ओठ बघताना प, ब, भ, म शोधा. ओष्ठ्य व्यंजनांना ओठ मिटावेच लागतात, आणि प्रेक्षकाच्या डोळ्याला तेच खटकतं. ‘बाबा, माझं ऐका’ हे वाक्य एका फ्रेमने सरकलं तरी जाणवतं. ‘अरे, तो काय करतोय’ दोन फ्रेम सरकलं तरी खपून जातं. पुढे डबिंग बसवतानाही हीच युक्ती: आधी मिटलेले ओठ जुळवा, मधलं आपोआप बसतं.

मालवणी, वऱ्हाडी, अहिराणी बोलीतला चित्रपट असेल आणि टेबलावर ती बोली कुणालाच येत नसेल, तर पहिल्याच आठवड्यात प्रत्येक टेक जसा बोलला तसा उतरवून घ्या. नट संहितेबाहेर जाऊन बोलीत जे जोडतात तिथेच गंमत असते, आणि न कळल्यामुळे नेमकं तेच कापलं जातं.

रशेस बघणं

सगळे बघायचे. ओके टेकच नव्हे, एनजी (‘नो गुड’, म्हणजे नापास) टेकसुद्धा. एनजीचं कारण शीटवर असतं: फोकस गेला, बूम (माइकची काठी) फ्रेममध्ये आला, बाइक गेली. नटाचं काम वाईट म्हणून एनजी झालेले टेक थोडेच. फोकस गेलेल्या टेकचा आवाज चांगल्या टेकच्या पाठमोऱ्या शॉटवर बसवता येतो. ‘अ‍ॅक्शन’च्या आधी आणि ‘कट’नंतर कॅमेरा चालू राहिलेला असतो तो भागही पाहा. नट भूमिकेत शिरत असतो किंवा बाहेर येत असतो, तेव्हाचा एखादा शांत चेहरा पुढे रिअ‍ॅक्शन म्हणून सोन्यासारखा उपयोगी पडतो.

पहिल्यांदा बघताना जिथे हसू आलं, जिथे लक्ष उडालं, तिथे मार्कर टाका. ही नोंद पुन्हा मिळत नाही. दहाव्यांदा पाहताना विनोद विनोद राहत नाही, म्हणून तो कापावासा वाटतो. अशा वेळी पहिल्या दिवसाचा मार्कर वकील म्हणून उभा राहतो.

संवादाचा कट

मराठी वाक्यात क्रियापद शेवटी येतं आणि नकार त्याच्याही मागे. इंग्रजी चित्रपट पाहून शिकलेल्या हाताला हे कुणी सांगत नाही. ‘मी तुला एकटीला सोडून जाणार’ इथपर्यंत वाक्याचा अर्थ एक असतो, पुढच्या ‘नाही’ने तो उलटतो. म्हणजे ऐकणाऱ्याच्या चेहऱ्यावरचा बदल शेवटच्या शब्दावर येतो, आधी येऊच शकत नाही.

एक सीन जवळून पाहू. गावातलं घर, ओसरी. थोरला भाऊ जमिनीचे कागद पुढे सरकवतो. धाकट्याच्या हातात पेन.

‘दादा, मी या कागदावर सही करणार नाही.’
‘आईनं सांगितलं तरी?’

मटेरियल असं: दोघांचा मास्टर (सगळा सीन एकत्र धरणारा शॉट), एकेकाच्या खांद्यावरून दोन शॉट, दादाचा क्लोज, आणि पेन धरलेल्या हाताचा इन्सर्ट. नवशिका धाकट्यावर वाक्य पुरं करतो, ‘नाही’ संपलं की दादावर जातो, दादा बोलला की परत धाकट्यावर. पिंगपाँग. चूक काही नाही, पण प्रेक्षकाला जे आधीच कळलंय तेच त्याला पुन्हा दाखवलं जातं.

आता ‘करणार नाही’ हे दोन शब्द मोजा. साध्या बोलण्यात ते अठरा-वीस फ्रेमचे असतात, त्यातलं ‘नाही’ दहाच्या आसपास. बरोब्बर ‘नाही’वर कट मारला तर शब्द अर्धा हरवतो, कारण नवा चेहरा समोर आला की डोळ्याला जागेवर बसायला पाच-सहा फ्रेम लागतात आणि तेवढा वेळ कान दुय्यम होतो. म्हणून कट ‘नाही’च्या सहा ते आठ फ्रेम आधी, म्हणजे ‘करणार’च्या पोटात. दादाचा चेहरा अजून होकाराची वाट पाहत असतो, डोळा त्यावर स्थिरावतो आणि मग ‘नाही’ त्या चेहऱ्यावर येऊन पडतं. प्रेक्षक आणि दादा दोघांनाही ते एकाच क्षणी कळतं.

दुसरा पर्याय धाकट्यावरच थांबायचा. ‘नाही’ बोलून तो स्वतःच दचकला असेल, टेकमध्ये ते दिसत असेल, तर शब्दानंतर दहा-बारा फ्रेम तिथेच राहा आणि नंतर दादावर जा, तेव्हा दादाचा चेहरा आधीच बदललेला असू दे. हा सीन धाकट्याचा झाला. पहिला दादाचा होता. कुणाचा करायचा हे दिग्दर्शकाला विचारा, ‘कट कुठे मारू’ असं विचारू नका.

कट ‘नाही’च्या मधोमध किंवा लगेच दोन-तीन फ्रेम नंतर मारला तर तो दोघांपैकी कुणाचाच होत नाही. सीन ‘ढिला’ वाटतो, आणि मग लोक मधल्या शांततेला दोष देऊन ती कापत सुटतात.

त्या शांततेचं काय करायचं? दादाचे डोळे खाली जातात. साधारण दीड सेकंद, छत्तीस-चाळीस फ्रेम. मग पेनाचं टोपण लागल्याचा ‘टक्’ आवाज आधी येऊ द्या, चार फ्रेमनी हाताचा इन्सर्ट. ‘आईनं सांगितलं तरी?’ हे दादाचं वाक्य त्या हातावरच सुरू करा, ‘तरी’ला दादावर किंवा धाकट्यावर. आवाज आधी, चित्र मागून: प्रेक्षक आवाजाच्या दिशेने मान वळवतो आणि कट त्याने मागितलेला असतो. (टोपण मात्र तपासा. एका टेकमध्ये लावलेलं आणि दुसऱ्यात उघडं असणार, ही काळ्या दगडावरची रेघ.)

आता घोळ कुठे होतो पाहा. तिसऱ्या टेकमध्ये नट म्हणाला, ‘नाही करणार मी सही, दादा.’ बोलीभाषेत हे अगदी सहज येतं. पण नकार पुढे आला, त्यामुळे सगळा हिशेब उलटला. आता दादाचा चेहरा पहिल्याच शब्दावर बदलतो आणि बाकीचं वाक्य त्याच्या बदललेल्या चेहऱ्यावर जातं. हा टेक आणि दुसरा टेक अर्धा-अर्धा जोडता येत नाहीत. दादाच्या क्लोजच्या वेळी समोरून कोणतं वाक्य बोललं गेलं होतं ते आवाजाच्या ट्रॅकवर ऐका. रिअ‍ॅक्शन त्या वाक्याला दिलेली असते, संहितेतल्या नव्हे.

इंग्रजी सबटायटल या सगळ्यावर पाणी ओततं. ‘मी सही करणार नाही’चं भाषांतर नकारासकट वाक्याच्या सुरुवातीलाच पडद्यावर येतं आणि अमराठी प्रेक्षकाला दादाच्या आधी कळतं. उपाय: अशा जागी सबटायटल दोन तुकड्यांत द्या, ‘दादा, हा कागद...’ इतकाच अर्थ आधी, नकार कटनंतर. प्रत्येक तुकडा किमान एक सेकंद टिकला पाहिजे. सबटायटल करणाऱ्याकडे अशा जागांची यादी संकलकानेच पाठवायची, त्याला बिचाऱ्याला कसं कळणार.

आपले बरेच नट रंगभूमीवरून येतात. हशा येईल म्हणून थांबायची त्यांना सवय असते. मास्टरमध्ये ते थांबणं जड वाटतं, क्लोजमध्ये नाही. विनोदी वाक्यानंतर सव्वा ते दीड सेकंद जागा ठेवा, पण ती रिकामी नको: कुणीतरी पाणी पितंय, कुणी मान वळवतंय. थिएटर भरलेलं असेल तर हशा तिथे मावतो, रिकामं असेल तर जागा उघडी पडत नाही.

दोन संवादांच्या मधली फट डिजिटल शांततेची ठेवू नका. प्रत्येक लोकेशनचा तीस सेकंदांचा रूम टोन (कुणी बोलत नसतानाचा तिथला आवाज) मागून घ्या आणि रफ कटमध्येच, म्हणजे कच्च्या जोडणीतच, खाली पसरून द्या. पंखा एका टेकमध्ये चालू आणि दुसऱ्यात बंद, पहिल्यात कोंबडा आरवतोय आणि दुसऱ्यात नाही, अशा ठिकाणी चांगला कटसुद्धा खटकतो आणि दिग्दर्शक म्हणतो ‘इथे जर्क आहे’. जर्क चित्रात नसतो, आवाजात असतो. कोंबडा पुढच्या शॉटवर थोडा ओढला की नाहीसा होतो.

पार्श्वसंगीत उसनं लावून रफ कट दाखवायची घाई करू नका. संगीताशिवाय उभा राहणारा सीन संगीताने उठतो. न उभा राहणारा नुसता झाकला जातो.

गाणी

ताल फ्रेममध्ये मोजा. मिनिटाला १२० ठोके असतील तर ठोका १२ फ्रेमचा, ९६ असतील तर १५, ९० असतील तर १६. १०० असतील तर १४.४, आणि तिथे १४ धरून कॉपी-पेस्ट करत गेलात तर चार ठोक्यांत कट ठोक्याच्या दीड फ्रेमहून जास्त आधी येतो. तिथे लाटेकडे पाहून कट मारा. प्रत्येक कट ठोक्यावर मारला तर पहिल्या अंतऱ्यानंतर पाहणारा कंटाळतो. दोन-तीन फ्रेम आधी मारलेला कट ठोक्यावर ‘पडल्यासारखा’ वाटतो, कारण डोळा पोचेपर्यंत ठोका येतो. स्लो मोशनमध्ये ओठ जुळवायचे असतील तर ४८ फ्रेमवर शूट करताना सेटवर गाणं दुप्पट वेगाने वाजवलेलं हवं. हे शूटच्या आधी सांगायचं काम संकलकाचं आहे, कारण नंतर भोगायचं त्यालाच असतं.

लांबी आणि मध्यंतर

संहितेच्या क्रमाने सगळे सीन जोडले की दोन तासांच्या चित्रपटाचा लाइनअप पावणेतीन तासांचा होतो. घाबरू नका आणि सगळीकडून थोडं थोडं कापायला लागू नका. तसं केलं की फिल्म तेवढीच लांब वाटते, वर धापा टाकते. आधी प्रत्येक सीनचं दार काढा: कुणीतरी येतं, चप्पल काढतं, पाणी विचारलं जातं. आपल्याकडे हे लिहिलेलं असतंच, शूटही होतं. ‘बसा’नंतरच्या तिसऱ्या वाक्यावर सीन उघडून पाहा. मग शेवट: निरोपाच्या आधी निघा. यातच पंधरा मिनिटं सुटतात. त्यानंतर पूर्ण सीन काढून पाहायचे. भिंतीवर प्रत्येक सीनचं एक कार्ड लावा. कार्ड उलटं करून आठवडाभर ठेवा आणि कुणाला आठवण येते का पाहा.

मध्यंतर संहितेत लिहिलेल्या जागीच असेल असं नाही. सव्वादोन तासांच्या फिल्ममध्ये ते सत्तर-पंच्याहत्तर मिनिटांच्या दरम्यान बसवा आणि दुसरा भाग पहिल्यापेक्षा छोटा ठेवा. तेवढ्याच लांबीचा उत्तरार्ध प्रेक्षकाला नेहमी लांब वाटतो.

दाखवताना लॅपटॉपवर दाखवू नका. छोट्या पडद्यावर जलद वाटणारा कट मोठ्या पडद्यावर डोळे दमवतो, आणि लांबचा शॉट जो लॅपटॉपवर रिकामा दिसतो तो थिएटरात भरलेला असतो. बाहेरचे तीन-चार लोक बसवा आणि पडद्याकडे न बघता त्यांच्याकडे बघा. सीन चाळीस संथ आहे असं चौघंही म्हणाले तर दुखणं बहुधा सीन बत्तीसमध्ये असतं: तिथे न कळलेली गोष्ट ते चाळीसपर्यंत शोधत आलेले असतात.

लॉक आणि सुपूर्द करणं

लॉक म्हणजे कट आता बदलणार नाही यावर दिग्दर्शक आणि निर्माता दोघांची लेखी संमती, तारीख घालून. ‘जवळजवळ लॉक’ असं काही नसतं. एक फ्रेम बदलली तरी साउंड, संगीत, व्हीएफएक्स आणि डीआय अशा चार ठिकाणी दुरुस्ती जाते.

फिल्म साधारण वीस-वीस मिनिटांच्या रीलांत तोडा. तोडताना संगीत किंवा सलग आवाज चालू नसेल अशी जागा निवडा. पहिल्या रीलचं पहिलं चित्र एक तासाच्या टाइमकोडवर, दुसऱ्याचं दोन तासांच्या. चित्राच्या बरोबर दोन सेकंद आधी एका फ्रेमचा बीप, आणि तसाच शेवटीही. हा बीप नसल्यामुळे मिक्स झालेली रील दोन फ्रेम सरकलेली सापडते, तीही थिएटरात. साउंडला एएएफ (आवाजाच्या तुकड्यांची जोडणी नेणारी फाइल), दोन्ही बाजूंना पाच-पाच सेकंदांचे हँडल (कटच्या बाहेरचा जास्तीचा भाग), आणि टाइमकोड छापलेली संदर्भ फाइल. डीआयला ईडीएल किंवा एक्सएमएल, म्हणजे कटांची यादी, आणि तीच संदर्भ फाइल. तुम्ही केलेला झूम, उलटा शॉट, वेग बदलणं यातलं बरंच काही यादीतून नीट जात नाही, म्हणून त्याची वेगळी हाताने केलेली यादी द्या: रील, टाइमकोड, काय केलंय, किती टक्के. कन्फॉर्म (यादीप्रमाणे मूळ मटेरियलमधून पुन्हा जोडलेली फिल्म) आल्यावर संदर्भ फाइल त्याच्यावर ठेवून फरक दाखवणाऱ्या मोडमध्ये सगळी फिल्म बघा. जिथे काळं दिसायला हवं तिथे कडा चमकल्या की शॉट सरकलाय.

नामावली आणि पाट्यांसाठी देवनागरी एक स्वतंत्र डोकेदुखी आहे. काही शीर्षक टूलमध्ये जोडाक्षरं फुटतात, ऱ्हस्व वेलांटी अक्षराच्या मागे जाऊन बसते, ‘दुसऱ्या’तला र वेगळाच होतो. प्रीमियर या संकलनाच्या सॉफ्टवेअरमध्ये ग्राफिक्सच्या पसंतीत दक्षिण आशियाई मजकुराचं इंजिन निवडावं लागतं. आणि फॉन्ट मराठी ल, श दाखवतो का ते पाहा. हिंदी वळणाचा ल मराठी चित्रपटाच्या शीर्षकात पाहिला की जाणकार नाक मुरडतात, आणि त्यांचं बरोबर असतं.

सेन्सॉर

२०२४च्या नियमांपासून यूए प्रमाणपत्राचे ७+, १३+ आणि १६+ असे तीन भाग झाले आहेत. कोणतं हवं हे निर्मात्याकडून लॉकच्या आधी कळलं पाहिजे, कारण त्यावर एक-दोन सीनचं भवितव्य ठरतं. पडद्यावर कुणी विडी-सिगारेट ओढत असेल किंवा तंबाखू मळत असेल तर सुरुवातीला आणि मध्यंतरानंतर तीस सेकंदांची आरोग्य-सूचना आणि वीस सेकंदांचा इशारा लागतो, शिवाय त्या शॉटवर खाली स्थिर पाटी. ती पाटी नटाच्या हातावर किंवा सबटायटलवर येणार का, ते फ्रेम पाहूनच ठरवा. बैल, कुत्रा, कोंबडी दिसत असेल तर प्राणी कल्याण मंडळाची परवानगी निर्मितीने घेतलीय ना, एवढं विचारून ठेवा.

समितीने कट सुचवला तर शक्यतो लांबी बदलू नका. तेवढ्याच फ्रेमचा दुसरा शॉट टाका किंवा शब्द म्यूट करा. मिक्स झालेल्या फिल्ममधून बारा फ्रेम उचलल्या की संगीताचा सूर तुटतो आणि आवाजाचा घुमारा अर्ध्यात थांबतो.

डीसीपी (थिएटरला जाणारी डिजिटल प्रत) तयार झाल्यावर ती खऱ्या थिएटरात, सुरुवातीपासून नामावलीच्या शेवटच्या ओळीपर्यंत, कुणीतरी शुद्धीवर असलेल्या माणसाने पाहायची. फ्लॅट (कमी रुंद चौकट) असेल तर २के चित्र १९९८ बाय १०८०, स्कोप (जास्त रुंद) असेल तर २०४८ बाय ८५८. स्कोपची फिल्म फ्लॅटच्या डब्यात भरल्याने स्कोप पडद्यावर चारही बाजूंना काळ्या पट्ट्या येणं, हे अजूनही होतं.

पैसे आणि कागद

करार चार हप्त्यांचा करा: सही, रफ कट, लॉक, डीसीपी. शेवटचा हप्ता प्रदर्शनाला बांधू नका. फिल्म वर्षभर डब्यात राहू शकते आणि ती तुमची चूक नसते. करारात हे लिहिलेलं असू द्या: एडिट रूमचं भाडं कुणाचं, सहायकाचा पगार कुणाचा, लॉकनंतरचे बदल किती फेऱ्यांपर्यंत मोफत, ट्रेलर आणि प्रोमो वेगळे की यातच, नाव शीर्षक पाट्यांत कुठे आणि पूर्ण पडद्यावर का. ट्रेलर ‘त्यातच धरा’ असं तोंडी म्हटलं जातं आणि नंतर सात आवृत्त्या निघतात. पैसे पूर्ण येईपर्यंत बाहेर जाणाऱ्या प्रत्येक फाइलवर वॉटरमार्क. यात भांडखोरपणा काही नाही, निर्मात्यालाही लीकच्या भीतीने तेच हवं असतं. मुंबईत काम करणार असाल तर असोसिएशन ऑफ फिल्म अँड व्हिडिओ एडिटर्सचं सदस्यत्व लवकर घ्या. थकलेल्या मानधनाची तक्रार घेऊन जायला तीच जागा आहे, आणि तिथे तोंडी कराराला कुणी विचारत नाही.

काम संपल्यावर प्रोजेक्ट फाइल, बिन, सगळ्या ईडीएल, एएएफ आणि लॉकची संदर्भ फाइल असा एक फोल्डर दोन डिस्कवर ठेवा, आवृत्तीच्या नावात तारीख आणि क्रमांक घालून. ‘फायनल’ हा शब्द फाइलच्या नावात वापरू नका. दोन वर्षांनी ओटीटीवाले पाच मिनिटांनी छोटी आवृत्ती मागतात तेव्हा ‘फायनल’, ‘फायनल नवीन’ आणि ‘फायनल खरंच’ यांतली थिएटरला गेलेली कोणती, हे ओळखायला अर्धा दिवस जातो.